माझ्या सत्काराला मी नव्हते

मी डार्ट्स खेळते. पार्टीत कुणी आग्रह केला म्हणून नव्हे, व्यवसाय म्हणून. वर्षाच्या सुरुवातीला स्पर्धांच्या तारखा फ्रिजवर लावते, व्हिसा, हॉटेल, प्रवास यांची सोय स्वतः करते, आणि भिंतीवरच्या गोल बोर्डावर छोटे बाण फेकून जे मिळतं ते मिळवते. मस्कतमध्ये राहणारी पन्नाशीला आलेली मराठी बाई हे करते असं कळलं की लोक आधी हसतात आणि मग माझ्या नवऱ्याकडे बघतात. हसण्याचं मला काही वाटत नाही. नवऱ्याकडे बघण्याचा मात्र अजूनही राग येतो. तो का येतो, हे एकदा नीट लिहून ठेवावं म्हणून बसले आहे.

सुरुवात एका कॅसरोलपासून झाली.

मी तेव्हा एका बांधकाम कंपनीच्या खरेदी विभागात होते. दर हिवाळ्यात कंपनीचा क्रीडा सप्ताह असायचा. पुरुषांसाठी क्रिकेट, व्हॉलीबॉल, कॅरम, डार्ट्स. बायकांसाठी लिंबू-चमचा आणि संगीत खुर्ची. आम्ही दिवसभर सिमेंट, केबल आणि क्रेनच्या ऑर्डरी काढणाऱ्या बायका, आणि मैदानात उतरलो की तोंडात चमचा धरून पळायचं! त्या वर्षी मी कॅरममध्ये नाव द्यायला गेले तर कॅरम भरलं होतं. जागा फक्त डार्ट्समध्ये होती.

"मॅडम, वो जेन्ट्स का है," नावं घेणारा म्हणाला.

"कुठे लिहिलंय?"

त्याने कागद उलटसुलट पाहिला. कुठेच लिहिलं नव्हतं. असं कधी कुणाला लिहावं लागलंच नव्हतं.

सामने वादी अदाईतल्या कंपनीच्या कॅम्पवर, कामगारांच्या करमणुकीच्या खोलीत होते. मी त्याआधी डार्ट हातातही धरला नव्हता. पण खेळ समजायला सोपा आहे. पाचशे एकपासून सुरू करायचं, प्रत्येक पाळीला तीन डार्ट, जेवढे गुण होतील तेवढे वजा करत शून्यावर यायचं. शेवटचा डार्ट मात्र बोर्डाच्या कडेच्या अरुंद पट्टीतच बसला पाहिजे, जिथे आकड्याची दुप्पट होते. तिला डबल म्हणतात. म्हणजे निम्मा खेळ हाताचा आणि निम्मा वजाबाकीचा. समोरचे फोरमन आणि सुपरवायझर जोरात फेकत होते, पण शेवटी किती उरलेत हे कळायला त्यांना गुणफलकाकडे बघावं लागत होतं. मला नाही. गोदामात काय उरलंय, रजा किती उरल्यात, बिरडं आणखी किती माणसांना पुरेल, हेच तर मी आयुष्यभर करत आले. हात सुधारायला वेळ लागला; वजाबाकी पहिल्या दिवसापासून होती.

मी जिंकले. बक्षिसाच्या वेळी कळलं की कपावर 'उत्कृष्ट पुरुष खेळाडू' असं आधीच कोरून आणलं आहे. दोन साहेब बाजूला जाऊन कुजबुजले, आणि कप हरलेल्या फोरमनला देऊन मला बायकांच्या बक्षिसांतला कॅसरोल दिला. टाळ्या दोघांनाही सारख्याच पडल्या. कॅसरोल चांगला निघाला, अजून वापरते. कप त्याच्याकडे आहे.

त्या खोलीत एकच बाई चिडली, ती कॅम्पच्या दवाखान्यातली फिलिपिनो नर्स. तिने मला हाताला धरून बाहेर नेलं आणि सांगितलं की सोमवारी संध्याकाळी एका हॉटेलात बायकांची लीग चालते, तिच्या संघात एक जागा आहे, आणि मी आले नाही तर ती माझ्याशी बोलणार नाही. मी गेले. हॉटेलात म्हणजे हॉटेलच्या बारमध्ये. इथे चांगले बोर्ड तिथेच असतात. मी लिंबू-सोडा प्यायले, हरले, आणि दुसऱ्या सोमवारी पुन्हा गेले.

आता आमच्या मंडळाबद्दल सांगायला हवं. मस्कतच्या अल् घुब्रा भागात आमच्या आसपास राहणाऱ्या मराठी कुटुंबांचं छोटंसं मंडळ आहे. त्याचे अध्यक्ष आणि त्यांची बायको आमच्याच मजल्यावर, शेजारच्या फ्लॅटमध्ये राहतात. मी त्यांना भाऊ आणि ताई म्हणते, ते मला वहिनी म्हणतात. माणसं वाईट नाहीत. नवऱ्याला डेंग्यू झाला होता तेव्हा आठवडाभर ताईंनी डबा दिला, हे मी विसरलेले नाही. पण लीग सुरू होऊन महिना झाला असेल, भाऊ मला लिफ्टमध्ये भेटले.

"वहिनी, सोमवारी तुमची गाडी दिसली. त्या हॉटेलच्या पार्किंगमध्ये."

"हो. बारमध्ये होते."

ते दचकले. मी नाही म्हणेन, निदान लाजेन, अशी त्यांची अपेक्षा असावी.

"नाही, म्हणजे, लोक काय म्हणतात, वहिनी..."

"भाऊ, तुम्ही तिथे कशाला आला होता?"

लिफ्ट थांबली. तळमजला आला होता; मला खाली पार्किंगला जायचं होतं, ते उतरले. त्या विषयावर ते माझ्याशी पुन्हा बोलले नाहीत. माझ्या नवऱ्याशी मात्र बोलले. बारमध्ये बसलेल्या पुरुषाने बारमध्ये खेळणाऱ्या बाईची तक्रार तिच्या नवऱ्याकडे करायची, ही रीत मला कधी समजली नाही. नवऱ्याने घरी येऊन एवढंच विचारलं, "गाडी जरा मागच्या बाजूला लावता येईल का?" मी नाही म्हटलं. गाडी पुढेच लावत राहिले.

मग घरी बोर्ड घेतला. रोजच्या सरावाशिवाय पुढे जाता येत नाही, आणि रोज बारमध्ये जाणं मलाही परवडणारं नव्हतं, वेळेच्या दृष्टीने. दिवाणखान्यात नियमाप्रमाणे अंतर बसेल अशी एकच भिंत होती, ती नेमकी भाऊ आणि ताईंच्या बाजूची. मी फरशीवर चिकटपट्टीची रेघ मारली, भिंतीला लाकडी फळी ठोकली आणि वर बोर्ड लावला. कामावरून आल्यावर भाजी शिजेपर्यंत एक फेरी, जेवणं झाल्यावर दुसरी. ताई तक्रार करायच्या, पण गोड करून.

"अगं, आमची देवघराची भिंत आहे ती. मी आरती म्हणते आणि तू पलीकडून ताल धरतेस."

मी फळीमागे जुन्या गोधडीचा तुकडा घातला. आवाज थोडा कमी झाला, संपला नाही.

लीगमधून मी शहराच्या संघात गेले, तिथून आखातातल्या स्पर्धांमध्ये. बहारीनला एक स्पर्धा जिंकले. परत आले तेव्हा कंपनीतल्या मुलींनी केक कापला. मंडळाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर नवऱ्याने फोटो टाकला, त्यावर चार अंगठे आले आणि पाचवा संदेश होता, 'वहिनी, कोजागिरीच्या मसाला दुधाची यादी पाठवा ना प्लीज.' यादी मी पाठवली. याद्या मीच करते. मंडळाच्या गणपतीचा महाप्रसाद गेली कितीतरी वर्षं माझ्याकडे होता. कुठल्या बिल्डिंगमधून मोदक येणार, कुणी सारण करायचं आणि कुणी उकड, आचाऱ्याला तांदूळ कधी पोचवायचा, हॉलवर वाढपी कोण, हे सगळं माझ्या तक्त्यावर असायचं. त्याचा मला कंटाळा नव्हता. मला नीट झालेलं काम आवडतं.

ज्या वर्षाची ही गोष्ट आहे त्या वर्षी दुबईत बायकांच्या व्यावसायिक मालिकेची पात्रता स्पर्धा जाहीर झाली. आमच्या भागासाठी जागा दोनच. अंतिम फेरीत पोचणाऱ्या दोघींना वर्षभराच्या मालिकेत प्रवेश. बाकीच्यांनी पुढच्या वर्षी पुन्हा यायचं. पुढच्या वर्षीवर माझा भरवसा नव्हता. चष्म्याचा नंबर वाढत होता आणि खांदा संध्याकाळी दुखायला लागला होता. मला खेळ छंद म्हणून ठेवायचा की काम म्हणून करायचा, हे त्या एका स्पर्धेवर ठरणार होतं. आणि ती होती शुक्रवारी, नेमकी मंडळाच्या महाप्रसादाच्या दिवशी.

मी वेळ घालवला नाही. खजिनदारांच्या घरी मंडळाची मीटिंग होती, तिथे सरळ सांगितलं की यंदा त्या दिवशी मी नसेन, पण काळजी नको. सगळा तक्ता तयार करून, लॅमिनेट करून आणला होता. प्रत्येक कामापुढे माणूस, फोन, वस्तू कुठे ठेवली आहे ते. तो टीपॉयवर मधोमध ठेवला. कुणी हात लावला नाही.

"वहिनी, गणपतीच्या दिवशी? दुबईला?" खजिनदार म्हणाले. "बारमध्ये?"

"स्पर्धा हॉलमध्ये आहे. आणि गणपती इथे तुमच्याकडे आहेत."

"पुढच्या वर्षी जा की. स्पर्धा काय, दरवर्षी येतात."

"गणपतीही दरवर्षी येतात," मी म्हटलं. हे बोलायला नको होतं, असं नवऱ्याने घरी जाताना सुचवलं. मला अजूनही तसं वाटत नाही.

आठवडाभराने भाऊ आणि ताई पेढे घेऊन घरी आले. दोघांचेही चेहरे खुललेले. भाऊंनी खिशातून छापील निमंत्रणपत्रिका काढून माझ्या हातात दिली.

"वाचा, वहिनी. आता तुम्ही हलूच शकत नाही."

महाप्रसादाच्या संध्याकाळी मंडळातर्फे विशेष सत्कार. सत्कारमूर्ती मी. 'तिरंदाजी या क्रीडाप्रकारात आखातात नाव कमावणाऱ्या आपल्या लाडक्या वहिनी.' मी दोनदा वाचलं.

"तिरंदाजी?"

"अहो, मोठे पाहुणे येणार आहेत. डार्ट्स म्हटलं की लोकांना बार आठवतो. बाण तो बाण, काय फरक पडतो?"

"भाऊ, मी आयुष्यात धनुष्य हातात धरलेलं नाही."

"स्टेजवर कोण तुला धनुष्य देतंय?" ताई हसत म्हणाल्या. "तू फक्त पैठणी नेस."

मी पत्रिका उलटवली. मागे समित्यांची नावं होती. महाप्रसाद व्यवस्थेपुढे माझंच नाव, एकटीचं. म्हणजे मी वर जाऊन शाल घ्यायची आणि खाली येऊन मसालेभात बघायचा. माझा खेळ यांना इतक्या वर्षांत एकदाही आठवला नाही, आणि आठवला तेव्हा मी तो खेळायला जाऊ नये म्हणून. खेळाडूचा सन्मान करायचा दिवस निवडला तोही तिच्या सामन्याचाच! मी हे त्यांना जसंच्या तसं म्हटलं. भाऊंना खरंच वाईट वाटलं. त्यात काही चुकलंय हे त्यांना दिसतच नव्हतं, याचाच मला सगळ्यात जास्त संताप आला.

"आम्ही तुमचा मान करतोय, वहिनी. पत्रिका छापून झाल्यात."

"मला विचारायच्या आधीच?"

"सरप्राइज होतं," ताई म्हणाल्या.

ते गेल्यावर नवऱ्याने पेढ्यांचा डबा बंद केला, उघडला आणि पुन्हा बंद केला. त्याला कुणाला दुखवायला जमत नाही. ऑफिसातही तो अर्बाबपासून, म्हणजे मालकापासून, ड्रायव्हरपर्यंत सगळ्यांचा लाडका आहे. पण त्याची किंमत नेहमी मीच का द्यायची?

"एक वर्ष नाही गेलीस तर..." तो म्हणाला.

"तर काय?"

आमची मुलगी तेव्हा अकरावीत होती. मराठी समजतं पण बोलायला अडखळते. ती मोबाइलवरून मान वर करून म्हणाली, "बाबा, तुझं प्रेझेंटेशन असतं तर आईने मोदकांसाठी थांब म्हटलं असतं? लाइक, सीरियसली?"

नवऱ्याने पेढ्यांचा डबा फ्रिजमध्ये ठेवला. मी बॅग भरायला घेतली.

गुरुवारी दुपारी नर्सच्या गाडीतून निघालो. सीमेवर ती म्हणाली, "तुझा चेहरा असा का? जिंकायला चाललीस की भांडायला?" मी म्हटलं, दोन्ही. शुक्रवारी सकाळपासून सामने सुरू झाले. मोठा थंडगार हॉल, ओळीने बोर्ड, चहाचं टेबल, आणि एकही दारूचा ग्लास नाही. हे खजिनदारांना दाखवायला मला आवडलं असतं. पहिल्या दोन फेऱ्या मी रागातच खेळले आणि जिंकले. राग हाताला वाईट नसतो, फक्त खांद्यात चढू द्यायचा नाही.

दुपारपासून फोन सुरू झाले. मी फोन नर्सकडे देऊन ठेवला होता. पहिला घेतला तो मीच, दोन सामन्यांच्या मध्ये.

"वहिनी, मोठा झारा कुठे आहे?"

"तक्त्यावर बघा. भांड्यांच्या रकान्यात."

"तक्ता कुठे आहे?"

मीटिंगमध्ये ठेवला तिथेच राहिला होता. खजिनदारांच्या टीपॉयवर. कुणी तो हॉलवर नेलाच नव्हता. मी डोळे मिटले, झारा कुठल्या खोक्यात आहे ते सांगितलं आणि फोन परत दिला. पुढचा फोन आला तेव्हा मी उपांत्य फेरीच्या रेघेवर उभी होते. मागून नर्सचा आवाज ऐकू आला, "मॅडम प्लेइंग. खलास." आणि तिने फोन बंद करून पर्समध्ये टाकला. इतक्या वर्षांत माझ्या वतीने इतकं चांगलं भाषण कुणी केलं नव्हतं.

समोरची मुलगी तरुण होती आणि माझ्यापेक्षा चांगली फेकत होती. शेवटच्या डावापर्यंत आम्ही बरोबरीत होतो. तिला शेवटचा डबल तीनदा चुकला आणि माझी पाळी आली. बत्तीस उरले होते, म्हणजे डबल सोळा. हा माझा आवडता डबल आहे. शेजारच्या साध्या सोळात डार्ट गेला तरी सोळा उरतात, मग डबल आठ. ते हुकून साधे आठ झाले तरी डबल चार आहेच. चुकलं तरी वाट बंद होत नाही. मी आयुष्यातली बहुतेक कामं अशीच आखते.

पहिला डार्ट साध्या सोळात गेला. दुसरा तारेच्या बाहेर, शून्य गुण. तिसरा डार्ट हातात घेतला तेव्हा मला मोदक आठवले नाहीत, पत्रिका आठवली नाही, काहीही आठवलं नाही. डबल आठ. बसला.

नर्सने मला उचललं. तिची उंची माझ्या खांद्याएवढी आहे, तरी उचललं. अंतिम सामना मी सरळ हरले. त्याचं मला काही वाटलं नाही असं म्हणणं खोटं होईल, वाटलं. पण जागा मिळाली होती. एका मुलीने गळ्यात पट्टा अडकवला, त्यावर माझ्या नावाखाली 'खेळाडू' एवढंच छापलं होतं.

रात्री परतीच्या वाटेवर फोन सुरू केला. मुलीने व्हिडिओ पाठवला होता. स्टेजवर माझा सत्कार चालला होता. मी नव्हते, म्हणून नवऱ्याला वर बोलावलं होतं. मागच्या बॅनरवर धनुष्याचं चित्र. भाऊ माइकवर म्हणत होते, "प्रत्येक यशस्वी स्त्रीच्या मागे तिला परवानगी देणारा एक मोठ्या मनाचा पुरुष असतो!" टाळ्या. शाल त्याच्या खांद्यावर, श्रीफळ त्याच्या हातात. मग ताईंनी आमच्या मुलीला वर बोलावून माझ्या वतीने तिची ओटी भरली, आणि ती पोरगी ओढणीत तांदूळ घेऊन कॅमेऱ्याकडे बघत डोळे फिरवत होती.

परवानगी! मी नर्सला भाषांतर करून सांगितलं. ती इतकी हसली की गाडी बाजूला घ्यावी लागली. मला हसू आलं नाही.

घरी पोचले तेव्हा नवरा दारातच उभा होता. मला जागा मिळाल्याचं त्याला कळलं होतं.

"अगं, नाही म्हणता आलं नाही," तो म्हणाला. "सगळे बघत होते."

"परवानगी दिलीस म्हणे."

"मी नाही तसं म्हटलं."

"त्यांनी म्हटलं तेव्हा तू शाल सावरत होतास."

त्याने सारवासारव केली नाही, हे त्याच्या बाजूने लिहायला हवं. त्याने शाल घडी करून माझ्यापुढे धरली. "ही तुझी आहे. काय करायचं ते कर."

शाल चांगली होती. जाड, लोकरीची, मस्कतच्या हवेत अंगावर घ्यायचा प्रश्नच नाही. मी बोर्ड खाली उतरवला, फळी सोडवली, गोधडीचा झिजलेला तुकडा काढून टाकला आणि शालीची चौपदरी घडी करून तिथे बसवली. जरीचा काठ फळीच्या खाली दोन बोटं दिसत राहिला.

"अगं, सत्काराची शाल आहे ती!"

"म्हणूनच. कामाला लागू दे."

चार दिवसांनी ताई वाटीभर सारण घेऊन आल्या. उरलेलं होतं, मोदक कमी पडले आणि सारण उरलं, असं पहिल्यांदाच झालं होतं. त्या म्हणाल्या, "अगं, आवाज बंद झाला की तुझा. सोडलंस की काय ते?"

"नाही. आता रोज जास्त खेळते. नोकरीचा राजीनामा दिला कालच."

मी त्यांना भिंतीजवळ नेलं. त्यांनी काठ ओळखला. शाल त्यांनीच मत्रहच्या बाजारातून निवडून आणली होती. मला वाटलं आता वाईट वाटून निघून जातील, आणि माझी त्याला तयारी होती. त्यांनी बोटाने बोर्ड दाबून पाहिला.

"यांना सांगू नकोस," त्या म्हणाल्या. मग थोड्या वेळाने, "कुठे मारायचं असतं?"

मी त्यांना रेघेवर उभं केलं आणि हातात डार्ट दिला.